मोबाईलवरचा पॅक-मॅन: पाचव्या लेव्हलनंतर टिकायचं कसं?

प्रश्न थोडक्यात असा आहे: फोनवर पॅक-मॅन खेळताना, म्हणजे भुलभुलैयातल्या गल्ल्यांतून पिवळा गोळा (तोच पॅक-मॅन) फिरवत, चार भुतांना चुकवत सगळे ठिपके खाताना, पहिल्या तीन-चार लेव्हल आरामात निघतात. पाचवीपासून मात्र सगळं अंगावर येतं. स्वाइप वेळेवर लागत नाही, पॅक-मॅन भलत्याच गल्लीत शिरतो, दोन भुतांच्या कात्रीत सापडून जीव जातो. रोज खेळूनही स्कोअर जिथल्या तिथे आहे. बोटं अजून चपळ करायची तर काय करावं?

मी हा खेळ बरीच वर्षं खेळतेय आणि घरातल्या, ओळखीतल्या चार-पाच जणांना शेजारी बसून शिकवलाही आहे. त्या अनुभवावरून सांगते, तुमची बोटं पुरेशी चपळ आहेत. तुम्ही ठरवता उशिरा. आणि ते नेमकं पाचव्या लेव्हललाच का जाणवतं, याचं कारण खेळाच्या रचनेतच आहे.

मूळ खेळाचा, म्हणजे जुन्या दांड्याच्या मशीनवरच्या पॅक-मॅनचा, नकाशा ८ बाय ८ पिक्सेलच्या चौकोनी घरांवर आखलेला आहे. पूर्ण वेगात पॅक-मॅन सेकंदाला साधारण साडेनऊ घरं कापतो. पहिल्या लेव्हलला त्याला या वेगाचे ८० टक्केच दिलेले असतात, दुसरी ते चौथी ९० टक्के, आणि पाचवीपासून पूर्ण १००. भुतंही त्याच पायऱ्या चढतात: ७५, ८५, ९५. मोठा ठिपका खाल्ल्यावर भुतं निळी पडून घाबरतात, तो काळ पहिल्या लेव्हलला ६ सेकंदांचा असतो. दर लेव्हलला एकेक सेकंद कमी होत पाचवीला तो फक्त २ सेकंद उरतो. पॅक-मॅनचा वेग, भुतांचा वेग आणि सुटकेचा वेळ अशा तिन्ही बाजूंनी पाचवी लेव्हल आवळली जाते.

आता डोळ्यांनी काही पाहून बोट हलवायला माणसाला साधारण पाव सेकंद लागतो. पूर्ण वेगात तेवढ्या वेळात पॅक-मॅन दोन घरं ओलांडून तिसऱ्यात शिरलेला असतो. चौक दिसला की वळायचं, ही पद्धत पहिल्या लेव्हलला कशीबशी चालून जाते. पाचवीला चौक दिसून स्वाइप होईपर्यंत चौक मागे पडलेला असतो. तुम्हाला वाटतं स्वाइप लागलं नाही. ते लागलं, पण एक चौक उशिरा. म्हणून पॅक-मॅन पुढच्या, भलत्याच गल्लीत वळतो.

यावर उपाय एकच, आणि पुढचं सगळं त्याचाच विस्तार आहे: वळायचं कुठे हे त्या चौकात पोहोचण्याआधी, आधीच्या वळणावरच ठरलेलं हवं.

त्यासाठी आधी नजर हलवा. नवीन माणूस पिवळ्या गोळ्याकडे टक लावून खेळतो. पॅक-मॅन कुठे आहे हे न बघताही तुम्हाला ठाऊक असतं, कारण त्याला तिथे तुम्हीच पाठवलेलं असतं. नजर ठेवायची ती पुढच्या चौकावर, आणि तिथून अधूनमधून भुतांकडे. सुरुवातीला हे फार अवघडल्यासारखं होतं, दोन-तीन दिवस स्कोअर खालीही येतो. तरी सोडू नका. मी ज्यांना शिकवलं त्या प्रत्येकाची पहिली मोठी उडी या एका बदलाने झाली.

माझ्या बारा वर्षांच्या भाच्याचं उदाहरण देते. तोही असाच पाचव्या लेव्हलला अडकला होता. एकदा तळाच्या लांब गल्लीत उजव्या टोकाला मेला आणि फोन माझ्यासमोर धरून म्हणाला, "मावशी, मी वळलोच होतो गं, यानेच घेतलं नाही!" खेळ रेकॉर्ड करायला मी त्याला आधीच सांगितलं होतं. आम्ही दोघांनी तो तुकडा सावकाश लावून पाहिला. ती तळाची गल्ली या टोकापासून त्या टोकापर्यंत आहे, आणि मध्याजवळच्या दोन वाटा सोडल्या तर दोन्ही टोकांपर्यंत तिला कुठेही फाटा नाही. मधल्या वाटेपासून उजव्या टोकापर्यंत ११ घरं. ठिपके खात जाताना एवढ्याला सव्वा सेकंदाहून थोडा जास्तच वेळ लागतो. लाल भूत त्याच्या मागे होतं. आकाशी भूत उजव्या टोकाकडे उतरायला लागलेलं स्क्रीनवर स्वच्छ दिसत होतं, आणि ते दिसत होतं तेव्हा भाचा अजून मधल्या वाटेपाशीच होता. तिथून तो वर सटकू शकला असता. तो तिथून उजवीकडे गेला त्याच क्षणी तो जीव गेलेला होता. टोकावरचं स्वाइप लागलं असतं तरी काही फरक पडला नसता, कारण वर भूत होतंच. मी व्हिडिओ मधल्या वाटेवर थांबवला आणि विचारलं, "इथे तुझी नजर कुठे होती?" त्याने बोटाने पिवळा गोळा दाखवला.

त्यानंतर त्याने स्वतःपुरता एक नियम केला. लांब, बिनफाट्याच्या गल्लीत शिरण्याआधी तिचं दुसरं टोक बघायचं. तुम्हीही एवढ्यापासूनच सुरुवात करा.

आता भुतांकडे येऊ, कारण पुढचा चौक आधी ठरवायचा तर भूत कुठे जाणार हे आधी कळायला हवं, आणि सुदैवाने ते कळतं. १९८० साली नामको कंपनीत तोरू इवातानी यांनी हा खेळ केला तेव्हा चारही भुतांना वेगवेगळा स्वभाव दिला. जपानी मशीनवर त्यांची स्वभावनामंच होती: ओइकाके म्हणजे पाठलाग करणारं, माचिबुसे म्हणजे दबा धरणारं, किमागुरे म्हणजे लहरी, आणि ओतोबोके म्हणजे वेड घेऊन पेडगावला जाणारं. आपल्याला ती ब्लिंकी, पिंकी, इंकी, क्लाइड म्हणून ठाऊक आहेत.

लाल ब्लिंकी सरळ आहे. तुम्ही ज्या घरात आहात तेच त्याचं लक्ष्य. गुलाबी पिंकी तुमच्या तोंडापुढच्या चौथ्या घरावर नेम धरते, म्हणून ती नेहमी समोरून आडवी येते असं वाटतं. तिच्यावर एक फार सुंदर तोड आहे. ती समोरून येत असेल आणि मध्ये एखादा चौक असेल तर पळू नका, तिच्याकडेच तोंड करून जा. तुम्ही जवळ आलात की तुमच्यापुढचं चौथं घर तिच्या पाठीमागे पडतं. भुतांना मनाला येईल तेव्हा उलटं फिरता येत नाही, त्यामुळे ती चौकात बाजूच्या गल्लीत वळून निघून जाते. पहिल्यांदा छातीत धडधडतं, पण हे जमलं की पिंकीची भीती संपते. मध्ये चौक नसेल तर मात्र हा प्रयोग करू नका, ती सरळ अंगावर येईल.

आकाशी इंकीचं गणित दोघांवर अवलंबून असतं. तुमच्यापुढचं दुसरं घर घ्यायचं, ब्लिंकीपासून तिथपर्यंत रेघ ओढायची आणि ती तेवढीच पुढे वाढवायची. ती जिथे संपेल तिथे इंकीचा नेम. खेळताना कोणी असली रेघ ओढत बसत नाही. लक्षात ठेवायचं ते इतकंच: ब्लिंकी तुमच्या पाठीला चिकटलेला असेल तर इंकीही तुमच्या आसपास येतो, आणि ब्लिंकी लांब असेल तर इंकीचा नेम भलतीकडेच जातो. माझा अनुभव असा की माणसं ब्लिंकीला चुकवताना इंकीच्या हाती सापडून मरतात. लाल मागे लागलं की पुढच्या चौकाआधी आकाशी कुठे आहे ते बघायची सवय लावा.

नारिंगी क्लाइड ८ घरांपेक्षा लांब असताना ब्लिंकीसारखाच पाठलाग करतो. त्याहून जवळ आला की डाव्या खालच्या कोपऱ्याकडे निघून जातो. म्हणजे डाव्या खालच्या भागात तुम्ही असाल आणि तो येत असेल तर तो पळत नाहीये, घरी चाललाय, आणि त्याच्या वाटेत तुम्ही उभे आहात. एरवी त्याच्याकडे फार लक्ष द्यायची गरज नसते.

चौघांनाही लागू असलेली आणखी एक गोष्ट आहे. भूत रस्ता शोधत नाही. पुढच्या चौकातून कोणती वाट घेतली तर लक्ष्य सरळ रेषेत जवळ पडतं, एवढंच ते पाहतं. मध्ये भिंत आहे का, पुढे वळसा पडेल का, याचा विचार त्यात नाही. आणि एकदा चौक ओलांडून गेलं की त्याला माघारी फिरता येत नाही. त्यामुळे भुताच्या पाठीमागची जागा ही मैदानातली सर्वांत सुरक्षित जागांपैकी एक असते. घाबरलेला खेळाडू भुतापासून लांब पळतो. मुरलेला खेळाडू भूत चौक ओलांडून जाईपर्यंत थांबतो आणि त्याच्या मागून सरकतो.

भुतं आपणहून उलटी फिरतात ती ठरलेल्या वेळी, सगळी एकदम. पाठलाग आणि विश्रांती असे त्यांचे दोन टप्पे आलटून पालटून चालतात. पहिल्या लेव्हलला ७ सेकंद विश्रांती, २० सेकंद पाठलाग, पुन्हा ७ आणि २०, मग ५ आणि २०, मग ५, आणि त्यानंतर न संपणारा पाठलाग. पाचवीपासून सुरुवातीच्या विश्रांतीलाही ५ च सेकंद मिळतात. विश्रांतीत प्रत्येक भूत आपापल्या कोपऱ्याकडे जातं: लाल वर उजवीकडे, गुलाबी वर डावीकडे, आकाशी खाली उजवीकडे, नारिंगी खाली डावीकडे. हे सेकंद मोजत बसू नका. सगळी भुतं एकदम गर्रकन उलटी फिरलेली दिसली की टप्पा बदलला एवढं ओळखा. सुरुवातीची विश्रांती संपल्याची ती खूण कळली नाही तर नेमकं मधल्या भागात निवांत खाताना चौघं एकदम आत येतात.

आता वेगाबद्दल एक गोष्ट, जी बहुतेकांना कोणी सांगत नाही. ठिपका खाताना पॅक-मॅन किंचित अडखळतो. एका ठिपक्याला एका फ्रेमचा थांबा, म्हणजे सेकंदाचा साठावा भाग. एकट्याने ते जाणवत नाही, पण ठिपक्यांच्या सलग रांगेत पाचव्या लेव्हलला त्याचा वेग १०० वरून ८७ टक्क्यांवर येतो, आणि भूत ९५ ने येत असतं. रिकाम्या गल्लीत तुम्ही भुतापेक्षा वेगवान, भरलेल्या गल्लीत हळू. म्हणून लाल भूत पाठीशी असताना ठिपक्यांच्या नव्या रांगेत शिरणं म्हणजे आ बैल मला मार. आधी खाऊन रिकाम्या केलेल्या वाटा या तुमच्या पळवाटा आहेत. मी लेव्हल सुरू होताच त्या तयार करते. मधल्या भागातून एक आडवी आणि एक उभी वाट पूर्ण साफ करायची आणि ती बोगद्यापर्यंत पोहोचलेली असायला हवी. इकडेतिकडे दोन-दोन ठिपके टिपत भटकलात तर पाठलागाच्या वेळी एकही गल्ली पूर्ण मोकळी सापडत नाही.

बोगदा म्हणजे डाव्या-उजव्या बाजूंना जोडणारी वाट. तिच्यात भुतांचा वेग जवळपास निम्म्यावर येतो, तुमचा येत नाही. लाल भूत अगदी शेपटाला असतानाही बोगद्यातून बाहेर पडताना तुमच्यात चांगलं अंतर पडलेलं असतं. फक्त पलीकडच्या तोंडाशी कोणी नाही ना, हे आत शिरण्यापूर्वी बघा.

वळणांचाही तुम्हाला फायदा आहे. चौकाच्या मध्यबिंदूच्या काही पिक्सेल आधीच दिशा दिलेली असेल तर पॅक-मॅन कोपरा किंचित तिरका कापतो. भुतांना ही सवलत नाही. सलग तीन-चार वळणं अशी आधी दिशा देऊन घेतली की भूत दिसण्याइतकं मागे पडतं. २१ व्या लेव्हलपासून पॅक-मॅनचा वेग पुन्हा ९० वर येतो आणि भुतं ९५ वरच राहतात. तिथे सरळ रस्त्यावर कुठेच सुटका नसते, जगायचं ते फक्त वळणांवर.

लेव्हलच्या शेवटाकडे आणखी एक सापळा आहे. ठिपके संपत आले की ब्लिंकीचा वेग वाढतो. पहिल्या लेव्हलला २० ठिपके उरल्यावर, पाचवीला ४० उरल्यावरच. पाचवीला मग तो तुमच्याइतक्याच वेगाने पळतो, आणि २० उरले की तुमच्याहूनही पुढे जातो. विश्रांतीच्या टप्प्यातही तो पाठलाग सोडत नाही. त्यामुळे शेवटचे ठिपके नकाशाच्या चार कोपऱ्यांत विखरून ठेवू नका. एकाच भागात, शक्यतो बोगद्याच्या जवळ, सलग ठेवा. तळाचा भाग मी नेहमी लवकर उरकते. तिथल्या लांब गल्ल्या वेगवान ब्लिंकीबरोबर परवडत नाहीत.

मोठ्या ठिपक्यांबद्दल तुम्ही वेगळं विचारलेलं नाही, पण स्कोअर अडकल्याचं मोठं कारण तेच असणार. साधा ठिपका १० गुणांचा, मोठा ५० चा. २४० साधे आणि ४ मोठे मिळून अख्ख्या लेव्हलचे होतात २,६००. एका मोठ्या ठिपक्यावर चारही भुतं खाल्लीत तर २००, ४००, ८०० आणि १,६०० मिळून ३,०००. म्हणजे एकाच मोठ्या ठिपक्यावर सगळ्या लेव्हलच्या ठिपक्यांपेक्षा जास्त गुण. संकटात सापडल्यावर घाईघाईने मोठा ठिपका खाऊन एखादं भूत टिपण्याची सवय यामुळेच महागात पडते. पहिल्या काही लेव्हलमध्ये भुतांना मागे घेऊन एका चौकोनाभोवती दोन-तीन फेऱ्या मारा. ती हळूहळू एका झुपक्यात येतात. झुपका जमला की त्याला मोठ्या ठिपक्याकडे न्या, अगदी जवळ येऊ द्या, मग खा आणि लगेच मागे वळा.

पाचवीला २ सेकंदच असल्याने तिथे चौघांची आशा धरू नका, दोन मिळाली तरी पुष्कळ. सहावीला हा वेळ पुन्हा ५ सेकंदांवर जातो, तिथे वसुली करता येते. १९ व्या लेव्हलपासून भुतं निळी पडतच नाहीत. पण मोठा ठिपका खाल्ला की ती एकदम उलटी फिरतात, आणि तेवढंच त्या लेव्हलला जीव वाचवायला पुरतं. १०,००० गुणांना एक जादा जीव मिळतो. पहिल्या दोन लेव्हलमध्ये झुपके नीट खाल्ले तर तो दुसरी संपायच्या आत हातात असतो.

आता फोनचा भाग, कारण मशीनच्या दांड्यावर ज्या अडचणी नव्हत्या त्या इथे आहेत.

स्वाइप लांब करू नका. बोट ठरावीक अंतर सरकल्यावरच खेळ त्याला स्वाइप मानतो, आणि ते अंतर बहुधा लहान असतं. पुढची सगळी ओढ वाया जाते आणि बोट परत जागेवर आणायला वेळ लागतो. चिमटीएवढी, टिचकी मारल्यासारखी हालचाल पुरते. तुमच्या खेळात बोट न उचलता दिशा बदलता येते का, हे एकदा तपासा. बोट काचेवर ठेवूनच आधी वर आणि मग उजवीकडे, असा काटकोन काढा. पॅक-मॅन दोन्ही वळणं घेत असेल तर बोट उचलायची गरजच नाही, आणि तेवढा वेळ प्रत्येक वळणाला वाचतो. खेळात स्वाइपऐवजी पडद्यावरची चार बटणं निवडायची सोय असली तरी मी ती घेत नाही. काचेला उंचवटा नसतो, अंगठा बटणावरून घसरतो आणि ते कळायला खाली बघावं लागतं.

भलत्या गल्लीत जाण्याचं आणखी एक कारण अंगठ्याच्या ठेवणीत आहे. अंगठा आपल्या मुळाभोवती कमानीत फिरतो, सरळ रेषेत नाही. उजव्या अंगठ्याने वर ओढायला जावं तर रेघ बहुधा उजवीकडे झुकते, खाली ओढावं तर डावीकडे. घाईत ती इतकी झुकते की खेळ "वर" ऐवजी "उजवीकडे" वाचतो. फोन डाव्या हातात धरून उजव्या हाताच्या तर्जनीने खेळून बघा. तर्जनीची रेघ बरीच सरळ येते. मी स्वतः असंच खेळते. अंगठ्यानेच खेळायचं असेल तर फोन उभा धरून, नकाशाच्या खालच्या मोकळ्या पट्टीत स्वाइप करा. बोट नकाशावर राहिलं तर तळाच्या गल्ल्या झाकल्या जातात, आणि तिथली भुतं दिसतात ती मेल्यावर. मूळ मशीनचा पडदाही उभाच होता, त्यामुळे उभ्या फोनवर नकाशा सर्वांत मोठा दिसतो.

बाकीचं पटकन सांगते. बॅटरी सेव्हर बंद ठेवा, अनेक फोनमध्ये त्याने स्क्रीनचा रिफ्रेश रेट, म्हणजे पडद्यावरचं चित्र सेकंदाला किती वेळा बदलतं तो वेग, खाली येतो. नोटिफिकेशन बंद करा. कडेवरून मागे जाण्याचा जेस्चर चालू असेल तर कडेपासून लांब स्वाइप करा. ब्लूटूथ इअरफोनमध्ये आवाज किंचित उशिरा पोहोचतो. या खेळात तो उपयोगाचा आहे, ठिपके संपत येतात तसा सायरनचा सूर चढत जातो आणि ब्लिंकी वेग पकडणार याचा अंदाज देतो. म्हणून फोनचा स्पीकर किंवा तारेचा इअरफोन बरा. घामेजलेलं बोट काचेवर अडकतं, हात पुसून बसा.

हे सगळं मूळ नकाशाबद्दल झालं. फोनवर या नावाने बरेच खेळ आहेत आणि सगळ्यांत भुतं अशीच वागतील असं नाही. पिंकीला तोंड देण्याचा प्रयोग दोन-तीनदा करा. ती चौकात वळून जात असेल तर तुमच्याकडे मूळ स्वभावाची भुतं आहेत असं धरायला हरकत नाही.

२०१५ साली आलेला पॅक-मॅन २५६ खेळत असाल तर विचार थोडा बदला. मूळ मशीनमध्ये लेव्हलची संख्या ८ बिटमध्ये ठेवलेली होती, तिच्यात २५५ च्या पुढचा आकडा मावत नाही. त्यामुळे २५६ व्या लेव्हलला अर्धा पडदा अक्षरांच्या कचऱ्याने भरून जायचा. हा खेळ त्याच बिघाडावर बेतलेला आहे. नकाशा संपत नाही, आणि खालून तो कचरा तुम्हाला गिळत वर येतो. इथे नजर पडद्याच्या वरच्या तिसऱ्या भागात हवी, कारण मागे वळून जीव वाचवायला जागाच नसते. सलग २५६ ठिपके न तुटता खाल्ले तर पडद्यावरची सगळी भुतं साफ होतात. त्यासाठी जवळची मोकळी वाट सोडून ठिपक्यांची वाट घ्यावी लागते, आणि ती कुठे जोडली जाते हे दोन चौक आधी बघावं लागतं. गुलाबी भूत इथे उभं राहून वाट बघतं आणि तुम्ही त्याच्या सरळ रेषेत आलात की धावत सुटतं. त्याची गल्ली ओलांडायची असेल तर झटकन आडवं पार व्हा, तिच्यात वळू नका.

एकदा स्वाइप केलं की पात्र थेट भिंतीपर्यंत घसरत जातं, अशाही भुलभुलैयांचे खेळ आहेत. तिथे वाटेतला रस्ता गौण, थांबण्याची जागा महत्त्वाची. पुढे जाऊन मी कुठे थांबेन आणि तिथून कोणत्या दिशा उघड्या असतील, हे स्वाइपच्या आधी ठरवायचं. सवय तीच, फक्त चौकाऐवजी भिंत.

सराव कसा करायचा ते सांगते. रोज तासभर खेळत असाल तर तो वेळ कमी करा. सलग तासाने डोळे थकतात आणि माणूस पुन्हा पिवळ्या गोळ्याकडे बघायला लागतो. वीस मिनिटं पुरेत. तेवढ्यातला एक डाव फोनच्या स्क्रीन रेकॉर्डरवर घ्या आणि प्रत्येक मृत्यूआधीची दहा सेकंद बघा. कोणत्या भुताने मारलं हे लिहू नका, सुटण्याची शेवटची वाट कोणत्या चौकात होती ते लिहा. आठवडाभरात तुमच्या वहीत तेच दोन-तीन चौक पुन्हा पुन्हा येतील. भाच्याच्या वहीत तळाची मधली वाट सात वेळा होती.

ठरलेली चाल पाठ करण्याच्या मागे लागू नका. मूळ मशीनमध्ये तीच चाल तंतोतंत केली तर भुतंही तशीच वागतात, म्हणून जुने खेळाडू चाली पाठ करायचे. काचेवर स्वाइप दर वेळी काही फ्रेम पुढेमागे होतं. तेवढ्याने चाल मोडते, आणि मोडल्यावर पुढे काय करायचं हे पाठांतरवाल्याला सुचत नाही. त्यापेक्षा कोणता भाग आधी, कोणता नंतर, एवढा क्रम पक्का करा.

आणि पहिला आठवडा हा एक व्यायाम करा. पहिल्या लेव्हलला चारही मोठे ठिपके अगदी शेवटपर्यंत ठेवा. ते खाल्ल्याशिवाय लेव्हल संपत नाही, पण बाकीचे २४० त्यांच्या आधाराविना, फक्त वळणं, रिकाम्या गल्ल्या आणि बोगदा यांच्यावर काढा. चालताना प्रत्येक चौकाआधी पुढची दिशा तोंडाने मोठ्याने म्हणा: वर, डावीकडे, खाली. शब्द चौकाच्या आधी आला तर ठीक. चौकात किंवा चौकानंतर आला तर त्या क्षणी तुमची नजर मागे पडली आहे. पहिल्या लेव्हलला हे सलग तीन डाव जमलं की तोच व्यायाम दुसरीला करा, मग तिसरीला. पाचवीला पोहोचाल तेव्हा तोंडाने म्हणायची गरज उरलेली नसेल. तिथे काय अडलं ते मला नक्की कळवा, आणि जमलं तर मृत्यूआधीच्या दहा सेकंदांचा एखादा तुकडाही दाखवा.